खाजनातील वळत्या बांधालगतच्या शेताचे क्षेत्रफळ : समलंब नियम की सिम्पसनचा?

प्रश्न

गोव्यातील दुर्भाटच्या खाजनात, म्हणजे बांध घालून नदीचे खारे पाणी अडवलेल्या सखल जमिनीत, आमचा भातशेतीचा एक तुकडा आहे. त्याची रस्त्याकडची मेर (हद्द) सरळ असून ६० मीटर भरते. जुवारी नदीकडची बाजू मात्र बांधाबरोबर वळत जाते आणि दोन्ही टोकांना मेरेला येऊन मिळते. सरद (पावसाळी) पिकाचे बियाणे आणि नांगरणीचा खर्च ठरवण्यासाठी क्षेत्रफळ हवे आहे. मेर पायारेषा धरून दर १० मीटरवर बांधापर्यंतची लंब अंतरे टेपने मोजली, ती मीटरमध्ये अशी : ०, १२.४, १८.६, २१.०, १९.२, १३.८ आणि ०. समलंब नियमाने ८५० चौरस मीटर येतात, तर सिम्पसनच्या नियमाने सुमारे ८८१. मोजमापे तीच असताना एवढा फरक का पडतो, आणि कोणता आकडा धरावा?

उत्तर १

आपली आकडेमोड बरोबर आहे. पहिल्या व शेवटच्या अंतरांच्या बेरजेची निमपट घ्यायची, तीत मधली सर्व अंतरे मिळवायची आणि पट्ट्याच्या रुंदीने गुणायचे, हा समलंब नियम. आपली दोन्ही टोके शून्य असल्याने ८५.० गुणिले १० एवढेच उरते. फरकाचे मूळ बांधाच्या आकारात आहे. हा नियम लागोपाठच्या दोन लंबांची टोके सरळ रेषेने जोडतो, आणि आपला बांध सगळीकडे नदीकडे फुगलेला असल्याने प्रत्येक पट्ट्यात त्या रेषेपलीकडे जमिनीची एक चिंचोळी फाक मोजणीबाहेर राहते. त्यामुळे ८५० हा आकडा खऱ्या क्षेत्रफळाहून कमीच असणार. बांध काही ठिकाणी आत आणि काही ठिकाणी बाहेर वळत असता, तर अशा चुका बऱ्याच अंशी एकमेकींना खाऊन टाकतात.

या फाका सारख्या नसतात, आणि माझ्या मते हीच बाब सूत्राच्या निवडीपेक्षा महत्त्वाची आहे. पहिल्या पट्ट्यात अंतर एकदम ० वरून १२.४ वर जाते, तर मधल्या भागात बांध जवळजवळ मेरेला समांतर चालतो. म्हणून सूत्र बदलण्याआधी पायारेषेवर ५ आणि ५५ मीटरवर आणखी एकेक लंब घ्यावा. अर्ध्या रुंदीच्या पट्ट्यांचे क्षेत्रफळ वेगळे काढून मिळवावे, कारण पट्ट्यांची रुंदी समान नसेल तर एकत्रित सूत्र चालत नाही.

उत्तर २

सिम्पसनचा नियम लागोपाठच्या तीन लंबांच्या टोकांतून परवलय (एक गुळगुळीत वक्ररेषा) काढतो, म्हणून त्याला पट्ट्यांची संख्या सम लागते. येथे ती ६ असल्याने अडचण नाही. बांध सलग वळत असेल तर ८८१ हा आकडा खऱ्या क्षेत्रफळाच्या अधिक जवळचा आहे. मात्र डागडुजी होता होता बांधाला मध्येच कोपरा आला असेल, तर परवलय तो कोपरा गुळगुळीत करून टाकते. तेथे कोपऱ्यावरच लंब घेऊन समलंब नियम वापरणे अधिक भरवशाचे.

लंब खरोखर काटकोनात आहेत का, हेही पाहावे. टेप १० अंशांनी कलला, तर २१ मीटरच्या लंबात सुमारे ३० सेंटिमीटरची वाढ होते. मेरेवर ३ मीटर, लंबावर ४ मीटर आणि तिरप्या बाजूवर ५ मीटर भरले, की कोन बरोबर आहे असे समजावे.

प्रश्नकर्ता

आपल्या सूचनेप्रमाणे मोजले. ५ मीटरवर ७.८ आणि ५५ मीटरवर ८.६ मीटर आले. त्यामुळे पहिला पट्टा ६२ वरून ७० आणि शेवटचा ६९ वरून ७७.५ चौरस मीटर झाला, म्हणजे एकूण ८६६.५. मानशीकडच्या (बांधातील पाण्याच्या दाराकडच्या) टोकाला थोडी जागा कायम पाण्याखाली असते. ती यातून कशी वगळावी?

उत्तर १

दोनच लंबांनी १६.५ चौरस मीटरची भर पडली, आणि राहिलेली तूट आता मुख्यतः मधल्या चार पट्ट्यांत वाटली गेली आहे. बियाण्यासाठी ८८० धरून चालावे. पाण्याची जागा मात्र मुख्य लंबांतून वजा करू नये. तिच्या लांबीच्या दिशेने दुसरी छोटी पायारेषा घ्यावी, दर २ मीटरवर रुंदी मोजावी आणि त्याच समलंब नियमाने येणारे क्षेत्रफळ शेवटी एकूणातून काढून टाकावे. वाटणी किंवा विक्रीचा विषय असेल, तर हे आकडे पुरेसे नाहीत. तेथे एक-चौदाचा उतारा (गोव्यातील जमिनीच्या नोंदीचा सरकारी दाखला) आणि भू-सर्वेक्षणाचा नकाशाच धरावा लागतो.