काउंटीतल्या 'बेनिफिट'ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न : फरोख इंजिनिअर यांच्यावर लेख लिहितो आहे. मुंबईचे हे यष्टिरक्षक 1968 पासून लँकेशायर या इंग्लंडमधल्या काउंटी संघाकडून खेळले आणि 1976 मध्ये काउंटीने त्यांना 'बेनिफिट' दिलं, म्हणजे जुन्या खेळाडूसाठी लोकांकडून पैसे उभारू दिले. मी 'मदतनिधी' लिहिलं, ते संपादकांना खटकलं. दुसरा शब्द सुचवाल का?

उत्तर : संपादकांचं बरोबर आहे. मदतनिधी म्हटलं की पूरग्रस्त डोळ्यांसमोर येतात. काउंटीचा व्यावसायिक खेळाडू हा पगारी माणूस. आधी संघात जागा, मग काउंटीची कॅप (संघातलं स्थान पक्कं झाल्याची मानाची टोपी), आणि त्यानंतर साधारण दहाएक वर्षं इमानाने खेळल्यावर बेनिफिट. त्यात दयेचा भाग नव्हता, पण हमीही नव्हती. पूर्वी एखाद्या सामन्याच्या तिकिटांचं उत्पन्न त्याला मिळे, म्हणजे सगळी मदार तीन दिवस खेळ चालण्यावर. 1907 साली लॉर्ड्सवर मिडलसेक्सच्या अल्बर्ट ट्रॉटचा बेनिफिटचा सामना होता. त्याने सॉमरसेटच्या एकाच डावात चार चेंडूंत चार बळी घेतले, पुढे हॅट्‌ट्रिकही केली. सामना लवकर आटोपला आणि उरलेल्या वेळाची तिकिटं बुडाली. 1953 मध्ये बाथला बर्टी ब्यूसचा सामना तर एका दिवसातच संपला. हे वाचताना मला अजून वाईट वाटतं.

दुसरं उत्तर : 'बिदागी' चालेल का?

उत्तर : मला वाटतं, नाही. बिदागी बहुधा आधी ठरलेली असते, आणि नेमका हाच मुद्दा इंग्लंडच्या कोर्टात गेला होता. केंटच्या जेम्स सीमोरला 1920 च्या बेनिफिटमधून नऊशेवर पौंड मिळाले. आयकर खात्याने त्यावर कर मागितला. 1927 मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने, म्हणजे तिथल्या तेव्हाच्या सर्वोच्च न्यायालयाने, निकाल दिला : ही लोकांनी आपखुशीने दिलेली भेट आहे, कामाचा मोबदला नव्हे, म्हणून कर नाही. उलट लँकेशायर लीग या क्लबांच्या स्पर्धेत खेळणाऱ्या ब्रूस डूलँडसाठी प्रेक्षकांत फिरवलेल्या झोळीचे पैसे करपात्र ठरले, कारण झोळी फिरवायची हे त्याच्या करारातच होतं. पहिल्याला 'गौरवनिधी' शोभतो. दुसऱ्याला बिदागी म्हणा हवं तर.

दुसरं उत्तर : पटलं. 'कृतज्ञतानिधी' अर्थाने आणखी जवळचा आहे, पण आपल्याकडे तो संस्थांच्या नावांत अडकलाय. शिवाय आता बेनिफिट वर्षभर चालतं, जेवणावळी, लिलाव वगैरे धरून. तिथे नुसतं 'सामना' लिहून भागणार नाही.

प्रश्नकर्ता : आभार. मग असं लिहितो : '1976 हे इंजिनिअर यांचं लँकेशायरमधलं बेनिफिटचं वर्ष, त्यांच्यासाठी गौरवनिधी उभारला गेला.' ट्रॉटच्या बाबतीत मात्र 'बेनिफिटचा सामना' तसंच ठेवतो.