अपोलो-सोयूझ: केवळ हस्तांदोलन, की त्याहून अधिक काही?

मूळ धागा

१७ जुलै १९७५ रोजी अमेरिकेचे अपोलो आणि सोव्हिएत संघाचे सोयूझ-१९ ही याने कक्षेत एकमेकांना जोडली गेली आणि टॉमस स्टॅफर्ड व अलेक्सेई लिओनोव्ह यांनी हस्तांदोलन केले. ते छायाचित्र सर्वांना ठाऊक आहे. माझ्या मते मात्र त्या मोहिमेने मागे ठेवलेली सर्वांत मोलाची वस्तू म्हणजे यानांच्या तोंडाशी बसवलेले जोडणीचे कडे होय.

तोपर्यंत दोन्ही देशांच्या यानांत एका बाजूला दांडा आणि दुसऱ्या बाजूला शंकूसारखी खोबण असे, त्यामुळे कोणते यान कोणत्या यानाला जोडता येईल हे बांधणीच्या वेळीच ठरून जाई. सोव्हिएत अभियंते व्लादिमीर सिरोम्यात्निकोव्ह आणि अमेरिकी अभियंत्यांनी मिळून आखलेल्या यंत्रणेत दोन्ही कडी एकाच जातीची होती: प्रत्येकावर तीन पाकळ्या, आणि एकाच्या पाकळ्या दुसऱ्याच्या पाकळ्यांमधल्या मोकळ्या जागेत बसत. १७ जुलैला सक्रिय, म्हणजे पुढे होऊन पकड घेणारी, बाजू अपोलोची होती, तर १९ जुलैच्या दुसऱ्या जोडणीत सोयूझची. धक्का शोषण्यासाठी अमेरिकनांनी द्रवदाबाची यंत्रणा वापरली, सोव्हिएत अभियंत्यांनी विद्युत-यांत्रिक. एकमेकांना भिडणारे भाग तेवढे दोघांनी मिळून ठरवले, आतले काम ज्याने त्याने आपल्या पद्धतीने केले. सहकार्याचा याहून समंजस नमुना मला तरी दिसत नाही.

प्रतिसाद १

आपल्याशी मी सहमत नाही. मे १९७२ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन आणि सोव्हिएत पंतप्रधान कोसिगिन यांनी मॉस्कोत केलेल्या करारातून ही मोहीम निघाली आणि तिचा हेतू राजकीय होता. सोव्हिएत संघाच्या सल्यूत स्थानकाला अपोलो जोडण्याचा आधीचा विचारही मागे पडला, त्यामुळे राहण्या-वावरण्याजोगी जागा असलेले स्थानक त्यात उरलेच नाही. पुढे अमेरिकेचे शटल (पुन्हा वापरता येणारे यान) आणि सल्यूत यांच्याविषयी १९७७ मध्ये करार झाला, पण तो कागदावरच राहिला. दोन्ही देशांची याने पुन्हा जोडली गेली ती थेट जून १९९५ मध्ये, अटलांटिस हे शटल मीर या रशियन स्थानकाला पोहोचले तेव्हा. वीस वर्षे ज्याचा उपयोग झाला नाही त्याला वारसा कसे म्हणावे? शिवाय मीरवरचे कडे हे सोव्हिएतांनी स्वतःच्या बुरान यानासाठी तयार केले होते.

प्रतिसाद २ (मूळ लेखक)

बुरानचा मुद्दा खरा आहे, पण तो माझ्याच बाजूचा आहे. ते कडे १९७५ च्याच रचनेतून सुधारून घेतलेले होते आणि त्यामागेही सिरोम्यात्निकोव्हच होते. पाकळ्या बाहेरच्या बाजूऐवजी आत वळवल्या गेल्या, पण दोन्ही बाजू सारख्या असण्याचे तत्त्व कायम राहिले. त्याच घराण्यातल्या कड्याने डिसेंबर १९९८ मध्ये आंतरराष्ट्रीय स्थानकाचे पहिले दोन भाग, रशियात बांधलेले झार्या आणि अमेरिकेचे युनिटी, जोडले गेले.

प्रतिसाद ३

या चर्चेत हवेचा प्रश्न राहून गेला आहे. अपोलोत कमी दाबाचा शुद्ध ऑक्सिजन असे, सोयूझमध्ये समुद्रसपाटीसारखी नायट्रोजन-ऑक्सिजनची हवा. थेट दार उघडले असते तर सोयूझकडून आलेल्या माणसाच्या रक्तात नायट्रोजनचे बुडबुडे होण्याचा धोका होता. म्हणून अमेरिकनांनी मध्ये एक कक्ष बांधला, ज्यात थांबून हवा बदलायची, आणि सोव्हिएतांनी आपल्या यानातला दाब पाऱ्याच्या ७६० वरून सुमारे ५२० मिलिमीटरवर आणला. १९७१ मध्ये सोयूझ-११ मधील तिघे परततेवेळी दाब गेल्यानेच दगावले होते. अशा देशाने आपल्या यानाच्या हवेत दुसऱ्याच्या गरजेसाठी बदल करणे ही साधी गोष्ट नव्हती.

इथे १९८४ सालचे राकेश शर्मांचे उड्डाणही आठवावे. ते सोयूझ टी-११ मधून सल्यूत-७ वर गेले आणि आपल्याला त्याचा सार्थ अभिमान आहे, परंतु ते दुसऱ्याच्या यानातून, दुसऱ्याच्या स्थानकावर पाहुणे म्हणून गेले होते. १९७५ मध्ये पाहुणा कोणीच नव्हता.

प्रतिसाद ४ (प्रतिसाद १ चे लेखक)

हवेचे आणि पाहुण्याचे म्हणणे मला पटले; यंत्रणेबाबतचा माझा आक्षेप मी मागे घेतो. राजकारणाबाबत मात्र नाही. अपोलो २४ जुलैला उतरले, त्यानंतर एप्रिल १९८१ पर्यंत एकही अमेरिकी अंतराळवीर वर गेला नाही. कड्याची रचना त्या काळात टिकून राहिली ती अभियंत्यांमुळे, ज्यांनी करारावर सह्या केल्या त्यांच्यामुळे नव्हे.