"आपल्या लोकांनी पुढचं पाहिलंच नाही" म्हणे!

काळीमाती
काल या ग्रुपवर एका दादांनी जुनी फ्रेंच चित्रं टाकली अन् खाली लिहिलं, "१८९९ मध्ये ते लोक सन २००० रंगवत होते, आपले लोक कलियुग मोजत होते." डोकं तडकलं. दादा, त्याच १८९९-१९०० ला वऱ्हाडात दुष्काळ होता, लोक पोटासाठी दुष्काळी कामावर खडी फोडत होते. अन् पाहिलंच नाही हे तर साफ खोटं. जोतीरावांनी १८८३ च्या 'शेतकऱ्याचा असूड'मध्ये लिहिलं की लष्करातल्या, पोलिसांतल्या रिकाम्या शिपायांकडून जागोजागी ताली-बंधारे बांधून घ्या, पाणी आधी वावरात मुरू द्या, मग नाल्याला जाऊ द्या. हे भविष्य नाही तर काय?

पूर्णाकाठ
चित्रं मीच टाकली. फुल्यांनी सरकारकडं मागणी केली. मागणी वेगळी अन् शंभर वर्षांनंतरचं जग डोळ्यापुढं उभं करणं वेगळं. त्यातल्या एका चित्रात शेतकरी बसल्या जागी दांडे ओढतो आहे अन् तारांनी जोडलेली यंत्रं कापणी करतात. आपल्याकडं भागवताचा बारावा स्कंध काढा. कलियुगात पाऊस पडणार नाही, लोक करानं पिचतील, आयुष्य वीस-तीस वर्षांचं. सगळा उतारच.

तुरीचं वावर
पाऊस अन् कर, यात खोटं काय निघालं? अन् बुलढाण्यातल्या भेंडवळची घटमांडणी विसरले काय? अक्षय्य तृतीयेला अठरा धान्यं मांडतात, दुसऱ्या दिवशी पहाटे पाऊसपाणी, पीक, राजा, सगळं सांगतात.

पूर्णाकाठ
मी म्हणतो तेच तुम्ही सिद्ध केलं. घट एका वर्षाचंच सांगतो. आपली नजर पुढच्या हंगामापलीकडं जातच नाही.

तुरीचं वावर
ज्याले दरवर्षी पीककर्ज नवंजुनं करा लागते, तो शंभर वर्षं कुठून पाहीन? अन् तुमचा तो दांडे ओढणारा शेतकरी! आमच्याकडं या आठवड्यात शेतीच्या विजेची रात्रीची लाईन आहे. परवा दोन वाजता हरभऱ्याच्या ओलितासाठी गेलो. एका हातात बॅटरी, एका हातात काठी. स्टार्टर दाबला, अर्ध्या तासात लाईन गेली. धुऱ्यावर बसून राह्यलो, मागं डुकरं हरभऱ्यात घुसली. तारा आल्या ना वावरात! चित्र काढणाऱ्यानं हे काढलं काय, की तारेत करंट कधी सोडायचा ते दुसराच ठरवीन?

काळीमाती
आमच्याकडं तर रोहित्र (ट्रान्सफॉर्मर) जळून अठरा दिवस झाले. वर्गणी करून स्वतःच्या ट्रॅक्टरवर नेलं.

पूर्णाकाठ
विषय लाईनीचा नव्हता.

तुरीचं वावर
तुम्हाला नसेल. शहरात बसून चित्रं पाहणं सोपं आहे.

पूर्णाकाठ
तोंड सांभाळून बोला. माझीही मोटर त्याच रात्रीच्या लाईनीवर चालते. म्हणूनच ते चित्र पाहून जीव तुटला, म्हणून टाकलं.

पऱ्हाटीतली
मघापासून वाचते आहे. दोघांच्याही बोलण्यात बाई नाही. लेखिका बेगम रुकैया यांनी १९०५ मध्ये 'सुलतानाज ड्रीम' ही इंग्रजी गोष्ट लिहिली. त्यात बायकांचं राज्य आहे. फुग्याला नळ्या लावून ढगातलं पाणी उतरवतात, वावर विजेवर नांगरतात, स्वयंपाक उन्हावर होतो, अन् कचेरीचं काम दोन तासांत आटोपते. माझा दिवस सांगू? सकाळी आठपासून कमरेला ओटी बांधून कापूस वेचणं. वाळल्या बोंडाचं टोक नखाच्या कडेत घुसते, संध्याकाळी पिठात मीठ कालवलं की बोटं जळतात. नांगरणीचा ट्रॅक्टर आला, फवारणीचा पंप बॅटरीचा झाला. वेचणी अन् निंदण मात्र बाईच्याच हातानं. ती बाई निदान दोन तासांचं स्वप्न पाहू शकली.

पूर्णाकाठ
रुकैयांचं मला माहीत नव्हतं, तेवढं मान्य. पण त्या बंगालच्या, वऱ्हाडच्या नव्हेत.

पऱ्हाटीतली
पॅरिस वऱ्हाडात आहे का?

पूर्णाकाठ
बरं ताई, "आपल्या लोकांनी" हे शब्द मागे घेतो. फुल्यांबद्दल मात्र माझं मत तेच आहे.

काळीमाती
मग ते बंधाऱ्याचं पान पुन्हा वाचा. उद्या इथंच टाकतो. आता निघतो, साडेबाराची लाईन आहे.