मदत हवी आहे : ला शो-द-फोंच्या बेन्फिकाविरुद्धच्या सामन्याचे मैदान

स्वित्झर्लंडच्या जुरा डोंगरभागात सुमारे एक हजार मीटर उंचीवर वसलेल्या, घड्याळांसाठी ख्यात असलेल्या ला शो-द-फों गावच्या फुटबॉल क्लबवर मी मराठीत टिपण लिहीत आहे. 1894 साली स्थापन झालेल्या, 1954, 1955 आणि 1964 अशी तीन वेळा राष्ट्रीय विजेतेपदे मिळवलेल्या आणि सहा वेळा स्विस चषक जिंकलेल्या या पिवळ्या-निळ्या संघाला 2009 मध्ये दिवाळखोरीनंतर खालच्या स्तरावरून पुन्हा सुरुवात करावी लागली, एवढे पक्के झाले आहे. 1964-65 च्या युरोपीय चषकात त्यांनी आयर्लंडच्या सेंट पॅट्रिक्सला हरवले आणि पुढच्या फेरीत थेट पोर्तुगालच्या बेन्फिका क्लबला पहिल्या सामन्यात 1-1 असे रोखले (लिस्बनला मात्र 5-0 असा मार खाल्ला). अडचण या बरोबरीच्या सामन्याची आहे. निकालांच्या तक्त्यांत गुणफलक मिळतो, मैदानाचे नाव मिळत नाही. स्थानिक फ्रेंच दैनिकाचे जुने अंक चाळले, पण माझे फ्रेंच शब्दकोशापुरतेच असल्याने मजकूर नीट उलगडत नाही. जर्मन वाचता येते; पैसे भरून घ्यायची संग्रहसेवा परवडणार नाही. हा सामना क्लबच्या स्वतःच्या शारिएर मैदानावर झाला की दुसऱ्या शहरात, आणि त्या काळातील कोणत्या वृत्तांतात तसा स्पष्ट उल्लेख सापडेल?