सराफ्याला पर्याय सुचवा (आणि डागावर उपायही)

लग्नाच्या वाढदिवसाला बायकोला रात्री इंदूरच्या सराफ्यात, तिथल्या खाऊगल्लीत नेलं. सोन्याची दुकानं मिटल्यावरची ती गजबज तिला भारी आवडते. नवी माहेश्वरी नेसलेली. गरम गराडूवर (तळलेल्या कंदावर) जिरावण, म्हणजे हळद घातलेला चटपटीत मसाला, भुरभुरलं आणि मागून कुणाचा तरी धक्का! निम्मं पदरावर, उरलेलं डोळ्यांत. ती मुसमुसतेय, मी रुमाल शोधतोय, तेवढ्यात समोर तिची मावशी, अख्ख्या भिशीसकट. "जावईबापू, आजच्या दिवशी रडवलंत पोरीला?" मग सगळ्यांनी भुट्ट्याचा कीस खाल्ला. पैसे अर्थात जावयाचे. शांत जागा सांगा.

— रामबागवाली: आधी डाग. साबण अजिबात नको, हळद लालभडक होते. कोरडी पूड झटका, चोळू नका, सरळ ड्रायक्लीनला द्या.

— जुना इंदुरी: शांत जागा? इथे मराठी माणूस तुकोगंजात शिंकला की रामबागेत काढा उकळतो. पिपल्यापाल्याला तळ्याकाठी जाऊन बघा.

— प्रश्नकर्ता: तिथेच जाऊ म्हटलं. बायको म्हणते, मावशीलाही विचारू, तिची भिशी तिकडेच असते.

— जुना इंदुरी: मग पाकीट भरून न्या.