मित्राच्या कन्सोलवर माझ्या सगळ्या गेम्सना कुलूप, आज रात्रीच खेळायचंय, मदत हवी आहे

कुलूपबंद
मित्राच्या कन्सोलवर माझं अकाउंट टाकलं, गेम उतरवून घेतले. माझ्या अकाउंटवरून सगळं व्यवस्थित चालतं. त्याच्या अकाउंटवरून उघडायला गेलं की नावापुढे कुलूप. त्याने माझ्या अकाउंटवरून खेळून उपयोग नाही, ट्रॉफी आणि सेव्ह (खेळ कुठवर आला त्याची नोंद) दोन्ही माझ्याच नावावर जमा होतात. एक गेम तर तिकडच्या यादीतच दिसत नाही, पण ते नंतर बघू. काय करायचं राहिलंय? "शोधून बघा" म्हणू नका, शोधलंय. रात्री दहाला खेळायचं ठरलंय.

तिरका_बाण
कन्सोल कोणता? प्रत्येकाची तऱ्हा वेगळी आहे. नुसतं "कन्सोल" म्हणजे डॉक्टरला फोन करून "दुखतंय" एवढंच सांगण्यासारखं झालं.

होमवाला
सोपं आहे. मित्राच्या एक्सबॉक्सवर तुमच्या अकाउंटने शिरा. सेटिंग्ज > जनरल > पर्सनलायझेशन > माय होम एक्सबॉक्स. तिथे 'मेक धिस माय होम एक्सबॉक्स' दाबा. होम कन्सोलवर कुठल्याही प्रोफाइलला तुमचे डिजिटल गेम मिळतात, आणि तुम्ही स्वतः साइन इन कराल तिथे तुम्हाला मिळतात. त्याचं अकाउंट तुमच्या कन्सोलवर असंच होम करा, म्हणजे दोन्ही लायब्रऱ्या दोघांना. वर्षात ५ वेळाच होम बदलता येतं, उगाच चाळा करू नका.

तिरका_बाण
होमवाला, त्यांनी "ट्रॉफी" लिहिलंय. एक्सबॉक्सवर अचिव्हमेंट असतात. हे प्लेस्टेशन आहे.

होमवाला
बरं. तरी पद्धत एक्सबॉक्सचीच सरळ आहे.

कुलूपबंद
हो, प्लेस्टेशनच. पीएस५. लवकर सांगा.

निळा_कंट्रोलर
मग हे करा, याच क्रमाने.

आधी तुमच्या पीएस५ वर: सेटिंग्ज > युजर्स अँड अकाउंट्स > अदर > कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले. तिथे 'डिसेबल'. मग मित्राच्या पीएस५ वर तुमच्या अकाउंटने शिरून त्याच जागी 'एनेबल'. एका अकाउंटसाठी ही सोय एका वेळी एकाच पीएस५ वर चालू राहते. पहिल्यांदा ज्या पीएस५ वर साइन इन करता तिथे ती आपोआप चालू होते. म्हणूनच तिकडे गेम उतरले, पण त्याच्या अकाउंटला हक्क मिळाला नाही.

हक्क कसा ठरतो ते नीट समजून घ्या, म्हणजे पुन्हा अडणार नाही. गेम चालू होताना कन्सोल दोन गोष्टी तपासतो. या मशीनवर खरेदीदाराचं शेअरिंग चालू आहे का? असेल तर कोणीही खेळो, नेट असो वा नसो. नसेल तर दुसरी गोष्ट: खेळणारा स्वतः खरेदीदार आहे का आणि नेट चालू आहे का? दोन्ही "नाही" आलं की कुलूप.

सेव्हपॉइंट
सेव्हची काळजी असेल तर पीएस४ वरून पीएस५ वर सेव्ह न्यायचं सांगतो. पीएस४ वर सेटिंग्ज > ॲप्लिकेशन सेव्ह्ड डेटा मॅनेजमेंट, तिथून पेन ड्राइव्हवर कॉपी, मग पेन ड्राइव्ह पीएस५ ला लावायचा. सेव्ह अकाउंटशी बांधलेली असते, त्यामुळे तुमची सेव्ह मित्राच्या अकाउंटवर उघडणार नाही.

तिरका_बाण
हे कोणी विचारलं होतं?

चिकट_बटण
निळा_कंट्रोलर, अर्धीच गोष्ट सांगितलीत. स्वतःच्या घरचं शेअरिंग बंद केलं की यांचं नेट गेलं रे गेलं, यांच्याच गेम्सना यांच्याच घरी कुलूप लागणार. आधी ते सांगा, मग बटणं दाबायला लावा.

निळा_कंट्रोलर
"नेट चालू आहे का" हे वर लिहिलंय.

चिकट_बटण
घाईतला माणूस ते वाचत नाही. पहिल्या ओळीत हवं होतं.

डिस्कवाला
या सगळ्या भानगडीपेक्षा डिस्क घ्या. द्यायची, परत घ्यायची. २०१३ मध्ये सोनीने 'पीएस४ चा गेम मित्राला कसा द्यायचा' यावर २२ सेकंदांचा व्हिडिओ काढला होता. एक माणूस दुसऱ्याच्या हातात डिस्क देतो, संपलं. आज त्याच कंपनीच्या मेनूत चार पायऱ्या उतराव्या लागतात.

चिकट_बटण
डिस्क तुमच्या मित्राकडे असताना तुम्ही काय खेळता? डिजिटलमध्ये एक खरेदी आणि दोन घरी एकाच वेळी खेळ, हाच तर सगळा फायदा आहे.

डिस्कवाला
आणि अकाउंट बंद पडलं की दोन्ही घरी शून्य.

कुलूपबंद
भांडण नंतर करा. माझ्याकडचं डिसेबल केलं. पण त्याच्याकडे 'अदर' वगैरे काही सापडतच नाहीये, फोनवर दोघे शोधतोय. 'युजर्स अँड अकाउंट्स'सुद्धा नाही. आणि मध्ये पाच मिनिटं माझं नेट गेलं तर माझेच गेम माझ्याकडे उघडेनात!

चिकट_बटण
सांगितलं होतं.

तिरका_बाण
मित्राकडे पीएस५ च आहे ना?

कुलूपबंद
त्याच्याकडे पीएस४ प्रो आहे. त्याने काय फरक पडतो, अकाउंट तर एकच आहे ना?

तिरका_बाण
कपाळ.

निळा_कंट्रोलर
सगळाच फरक पडतो, आणि तो तुमच्या फायद्याचा आहे. पीएस५ ची जागा आणि पीएस४ ची जागा या दोन वेगळ्या जागा आहेत. एकाच अकाउंटचं शेअरिंग एका पीएस५ वर आणि शिवाय एका पीएस४ वर, दोन्हीकडे चालतं. म्हणजे तुमच्याकडचं बंद करायची गरजच नव्हती. आता असं करा:

१. तुमच्या पीएस५ वर शेअरिंग परत 'एनेबल' करा. नेट गेल्यावर लागणारं कुलूप त्याने निघेल.

२. पीएस४ वर याच शेअरिंगला 'प्रायमरी' म्हणतात. मित्राच्या पीएस४ वर तुमच्या युजरने शिरा. सेटिंग्ज > अकाउंट मॅनेजमेंट > ॲक्टिव्हेट ॲज युअर प्रायमरी पीएस४ > ॲक्टिव्हेट. तुमचा स्वतःचा जुना पीएस४ कधी होता का? तो अजून प्रायमरी असेल तर आधी त्याच मेनूतून तिथे 'डीॲक्टिव्हेट' करा.

३. तुमच्या युजरमधून बाहेर या, मित्राच्या युजरने शिरा, गेम उघडा. गेम पुन्हा उतरवायची गरज नाही, फाइल तीच राहते, फक्त परवाना बदलतो.

४. तरीही कुलूप दिसलं तर तुमच्या युजरवरून अकाउंट मॅनेजमेंट > रिस्टोअर लायसन्सेस चालवा आणि पीएस४ बंद करून चालू करा. रेस्ट मोड नव्हे, पूर्ण बंद.

कुलूपबंद
जुना पीएस४ विकला मागे. तो प्रायमरी होता बहुतेक. आता तो माणूस कुठे शोधू?

तिरका_बाण
ही माहिती पहिल्या पोस्टमध्ये आली असती तर आत्ता तुम्ही खेळत असता.

निळा_कंट्रोलर
माणूस शोधू नका. ब्राउझरमधून प्लेस्टेशन अकाउंटमध्ये शिरा, डिव्हाइस मॅनेजमेंटमध्ये पीएस४ निवडा आणि 'डीॲक्टिव्हेट ऑल डिव्हायसेस' दाबा. ही सवलत ६ महिन्यांतून एकदाच मिळते, म्हणून कारण नसताना वापरायची नाही. इथे कारण आहे. त्यानंतर लगेच वरची दुसरी पायरी.

होमवाला
६ महिन्यांतून एकदा! आमच्याकडे वर्षाला ५.

निळा_कंट्रोलर
कन्सोल हातात असेल तर इकडेही त्यावरूनच बंद करता येतं, त्याला ही ६ महिन्यांची अट नाही. अट फक्त वेबवरून सोडवायला आहे. मोजायचंच तर सारखं मोजा.

रिकामी_बॅटरी
पासवर्ड फोनवरून सांगितला असेल तर आज रात्रीच बदला. टू-स्टेप व्हेरिफिकेशन चालू ठेवा. अकाउंटमध्ये कार्ड साठवलेलं असेल तर काढा, नाहीतर चेकआउटला पासवर्ड मागण्याची सेटिंग लावा. मित्र चांगला असेलच, पण त्याच्या घरातल्या लहान मुलाच्या हाती कंट्रोलर लागला तर खरेदी तुमच्या नावावर होते. त्याच्या पीएस४ वर तुमच्या युजरला पासकोड लावता येतो: सेटिंग्ज > युजर्स > लॉगिन सेटिंग्ज > पासकोड मॅनेजमेंट, चार आकडे. तुमचा युजर तिथून पुसू मात्र नका, तो राहायला हवा.

आणि ज्याला ओळखत नाही अशा कोणाशी असलं शेअरिंग करू नका. "आमच्या अकाउंटवर तुमचा कन्सोल प्रायमरी करून देतो" म्हणणारे भेटतात. पैसे घेतात आणि महिन्याभराने वेबवरून सगळं सोडवून टाकतात. त्या दिवशी तुमच्याकडे उरतात फक्त कुलपं.

कुलूपबंद
झालं!! वेबवरून सोडवलं, त्याच्याकडे ॲक्टिव्हेट केलं, कुलूप गेलं. गॉड ऑफ वॉर रॅग्नारोक चालू झाला त्याच्या अकाउंटवर. पण ज्यासाठी हे सगळं केलं तो गेम अजूनही यादीत नाही. रिस्टोअर लायसन्सेस दोनदा चालवलं.

तिरका_बाण
नाव सांगा. गेमचं नाव. कृपया.

कुलूपबंद
स्प्लिट फिक्शन.

चिकट_बटण
तो पीएस४ साठी आलेलाच नाही. २०२५ मध्ये आला तो पीएस५, एक्सबॉक्स सिरीज आणि पीसीवर, नंतर निन्टेन्डोच्या स्विच २ वर. शेअरिंगने परवाना जातो, पीएस४ चं पीएस५ होत नाही. स्टोअरच्या पानावर नावाखाली 'पीएस४' असं लिहिलेलं नसेल तर तो गेम तिकडे दिसणारही नाही. स्पायडर-मॅन २, डेमन्स सोल्सचा नवा अवतार, रॅचेट अँड क्लँक रिफ्ट अपार्ट, यांचंही तेच. रॅग्नारोक आणि होरायझन फॉरबिडन वेस्ट दोन्ही मशीनवर आहेत, म्हणून ते दिसले.

कुलूपबंद
म्हणजे संध्याकाळ वाया?

चिकट_बटण
मित्राकडे बऱ्यापैकी पीसी असेल तर शेअरिंगही नको. स्प्लिट फिक्शनला फ्रेंड्स पास आहे. एकाने गेम घेतला की दुसरा फुकट पास उतरवून त्याच्याबरोबर खेळतो, आणि तो वेगवेगळ्या मशीनमध्येही चालतो. पीसी नसेल तर त्याच लोकांचा आधीचा 'इट टेक्स टू' घ्या, तो पीएस४ वरही आहे. त्यालाही फ्रेंड्स पास आहे. पीएस४ वाला आणि पीएस५ वाला एकत्र खेळू शकतात.

कुलूपबंद
पीसी नाही. इट टेक्स टू आहे माझ्याकडे! पण डिस्क.

डिस्कवाला
:)

निळा_कंट्रोलर
डिस्कचा गेम शेअरिंगमध्ये येत नाही, कारण परवाना डिस्कमध्येच असतो. पण इथे फरक पडत नाही. तुम्ही डिस्कवर खेळा, मित्राने स्टोअरवरून त्याच्या स्वतःच्या अकाउंटने फ्रेंड्स पास उतरवायचा. उतरायला वेळ लागेल, त्याला आत्ताच लावायला सांगा.

आता उलट्या बाजूचंही करून टाका. मित्राच्या अकाउंटची पीएस४ ची जागा त्याच्याच पीएस४ वर आहे, पण पीएस५ ची जागा रिकामी पडली आहे. त्याने तुमच्या पीएस५ वर साइन इन करून कन्सोल शेअरिंग चालू केलं की त्याचे पीएस४ चे बहुतेक सगळे डिजिटल गेम तुमच्याकडे तुमच्या अकाउंटवरून चालतील. एका मशीनवर अनेकांचं शेअरिंग चालू राहू शकतं. म्हणजे दोघांचं काहीच न जाता दोन्ही लायब्रऱ्या दोघांना. दोघांकडे पीएस५ असते तर हे जमलं नसतं, तिथे अदलाबदल करावी लागते आणि नेटवर अवलंबून राहावं लागतं. पुढे त्याने पीएस५ घेतला तर आधी तुमच्या पीएस५ वरचं त्याचं शेअरिंग बंद करा, मग नवीन जोडा.

रिकामी_बॅटरी
पीएस प्लस (प्लेस्टेशनचं पैसे भरून घ्यायचं सदस्यत्व) कोणाकडे आहे? तुमच्याकडे असेल तर प्रायमरी पीएस४ वरच्या इतरांना ऑनलाइन खेळ आणि दर महिन्याचे गेम मिळतात. क्लाउडवरचा सेव्ह साठा मिळत नाही. सदस्यत्व संपलं की प्लसमधून घेतलेले गेम दोन्ही घरी एकदमच बंद.

आणि डीएलसी, म्हणजे गेमला वरून जोडायचा भाग: गेममधलं कायमचं काही घेतलं, नवे नकाशे किंवा नवं प्रकरण, तर ते शेअर होतं. गेममधलं चलन होत नाही, ते घेणाऱ्याच्याच खात्यात जातं. डीएलसी आणि मूळ गेम एकाच प्रदेशाच्या स्टोअरचे हवेत. मित्राचं अकाउंट दुसऱ्या प्रदेशाचं असेल आणि तुमच्या गेमला त्याने स्वतः डीएलसी घेतलं तर पैसे जातील, डीएलसी जोडलं जाणार नाही.

वाफवाला
पीसी घ्या. स्टीम फॅमिलीजमध्ये (स्टीम या पीसी गेम्सच्या दुकानाची घरातल्या घरात शेअरिंगची सोय) ६ जण, प्रायमरी वगैरे काही नाही. फक्त एका प्रतीवर एका वेळी एकच जण, आणि घरातल्या कोणी तुमच्या प्रतीवर लबाडी केली तर बंदी तुमच्यावरही येते.

चिकट_बटण
म्हणजे यांना जे हवंय, एका प्रतीवर दोघे, नेमकं तेच तिथे होत नाही.

कुलूपबंद
पास उतरतोय, ६० टक्के. त्याचं अकाउंटही माझ्याकडे चालू केलं, त्याचे अकरा गेम दिसायला लागले. धन्यवाद सगळ्यांना. डिस्कवाला, तुम्हालाही.

नवखा_१
याच धाग्यात विचारतो. स्विचवर मित्राला गेम द्यायचा आहे, व्हर्च्युअल गेम कार्डचं (डिजिटल गेम उसना देण्याच्या सोयीचं) बटण करड्या रंगात आहे, दाबलं जात नाही. काय चुकतंय?

तिरका_बाण
स्विच १ की २? मित्र तुमच्या फॅमिली ग्रुपमध्ये आहे का? उसनं कार्ड ग्रुपमधल्यालाच जातं, तेही १४ दिवसांसाठी, आणि देताना दोन्ही मशीन शेजारी शेजारी लागतात. वेगळा धागा काढा, आणि पहिल्याच पोस्टमध्ये सगळं लिहा.