'बैलाची वेसण सोडली' : बरोबर की चूक?

प्रश्न : 'गोठ्यात येताच त्याने बैलाची वेसण सोडली आणि दाव्याला बांधलं.' ग्रामीण कथेत हे वाक्य चालेल का? वेसण, कासरा, दावं यांत नेमका फरक काय?

उत्तर : नाही चालणार. सोडतात तो कासरा, म्हणजे हाकणाऱ्याच्या हातातली दोरी. वेसण म्हणजे नाकातून ओवलेली दोरी, ती रात्रंदिवस नाकातच असते. झिजली की नवी दोरी जुनीच्या टोकाला जोडून ओढून घेतात, म्हणजे भोक रिकामं राहत नाही.

वेसण पहिल्यांदा घालताना दोन नाकपुड्यांमधला पडदा चिमटीत धरला की पुढे मऊ, पातळ जागा हाताला लागते. मागचा कडक भाग टाळून तिथेच टोचायचं. अगदी कडेला टोचलं तर पुढे ओढीने नाक फाटतं, मागे गेलं तर जखम चिघळते. टोचलेलं भरेपर्यंत कासरा लावायचा नाही, आणि माश्या बसून किडे पडत नाहीत ना हे रोज बघायचं. वेसणीची टोकं शिंगांमागे नेऊन बांधतात. कासरा या वेसणीला जोडलेला, म्हणून हलकी ओढही बैलाला कळते. तो सतत ताणून धरणारा गाडीवान कच्चाच म्हणायचा.

दावं गळ्यात. ओळीने जनावरं बांधायची ती दावण.

दुसरं उत्तर : दाव्याच्या गाठींबद्दल थोडी भर. गळ्याशी न सरकणारी निरगाठ हवी, खुंट्याशी झटकन सुटणारी सुरगाठ. उलट झालं तर घात : गळ्याची गाठ सरकून रात्रीतून फास बसतो, आणि गोठ्याला आग लागली तर खुंट्याची गाठ सुटता सुटत नाही. सुरगाठीचं टोक एकदा खेचलं की जनावर मोकळं.

प्रश्न : मग फासेपारध्यांमधला 'फास' हाच का?

उत्तर : हाच, सरकता. सावज जितकं ओढणार तितका तो आवळणार. गोठ्यात जी गाठ टाळायची, तीच पारधीत मुद्दाम मारायची. फक्त फास आणि वागूर यांची गल्लत नको, लिहिणारे हमखास करतात. वागूर म्हणजे जाळं. हाका घालून सावज तिच्याकडे रेटायचं. फास मांडून ठेवायचा आणि वाट बघायची. कथा १९७२ नंतरची असेल तर वन्यजीव संरक्षण कायदा आलेला आहे, हेही ध्यानात असू द्या. तुमचं पात्र वागूर उघड खांद्यावर टाकून गावातून जाणार नाही.

प्रश्न : आणि लोढणं?

उत्तर : ती दोरी नव्हे, ओंडका. ओढाळ गुराच्या गळ्यात अडकवतात. पळायला गेलं की पुढच्या पायांवर आदळतो.